कुणाच्या डोळ्यात काय

मंगळवारी सकाळी दहाच्या सुमारास तांबुळगावचा डोंगर गेला. आवाज झाला नाही, धूळ उडाली नाही. तो होता तिथं मोकळी जागाही राहिली नाही. त्याच्यामागचं आकाश पुढं सरकलं आणि शेवटच्या घरांच्या परसाला येऊन टेकलं. गाव तेवढं लहान झालं.

कुणाची तरी नजर गेली, हे सगळ्यांना लगेच कळलं. तांबुळगावात प्रत्येक वस्तू कुणाच्या ना कुणाच्या डोळ्यात असायची. तो डोळा अधू झाला की वस्तू जायची. कुणाच्या डोळ्यात काय आहे ते मात्र ती गेल्याशिवाय कळत नसे, आणि गेल्यावरही कबूल कोण करतो? दुपारी एखादी विहीर तासभर दिसेनाशी झाली तर लोक काळजी करत नसत. कुणी तरी जेवून लवंडलं असेल, म्हणत आणि घागरी घेऊन थांबत. पण डोंगर संध्याकाळपर्यंत आला नाही. दुसऱ्या दिवशीही आला नाही. मग माणसं एकमेकांच्या डोळ्यांकडे बघायला लागली. कोण उंबऱ्याला ठेचकाळतं, कोण ताटातलं मीठ साखर समजून चिमटीत घेतं, याच्यावर पाळत राहिली.

मालन हाबडे त्या दिवशी मागावर सांधणी करत होती. पैठणीचा एक ताणा संपला की नव्या ताण्याचा एकेक धागा जुन्याला जोडायचा, हे तिचं काम. तीन हजार धागे, केसापेक्षा बारीक. गावात सतरा माग होते आणि सांधणीला सगळे मालनला बोलवायचे. गेल्या पावसाळ्यापासून तिच्या उजव्या डोळ्यापुढं दुधाची साय आल्यासारखं झालं होतं. धागे ती आता बोटांनी ओळखायची. हे तिनं कुणालाच धड सांगितलं नव्हतं. डोंगर गेल्याची हाकाटी ऐकली तेव्हा तिची बोटं धाग्यावरच थांबली. आपल्याच डोळ्यातला असेल तर?

या डोळ्यानं दुसरंच काही जातं का ते बघावं म्हणून तिनं उजव्या डोळ्यावर हात ठेवला.

समोर मागाच्या खड्ड्यात तिचा नवरा दिगंबर चहा पीत बसला होता. तिनं डोळा झाकला आणि दिगंबर नव्हता. कप होता. तो लाकडी पट्टीवर टेकलेला होता आणि त्यातून वाफ निघत होती. धोटा धाग्यांत मध्येच थांबला होता.

मालननं हात लगेच काढला नाही.

घरात किती शांत होतं, हे तिच्या ध्यानात आलं. कोंबडी दारात येऊन गेली. चहावर साय धरली. मग शेजारच्या घरात तिची जाऊ अनसूया खोकली, तशी मालन दचकली आणि तिनं हात खाली घेतला. दिगंबर होता तिथंच होता. त्यानं कप उचलला, तोंडाला लावला आणि खाली ठेवला.

"गार आहे," तो म्हणाला.

"असेल."

"आत्ता दिलास की."

"वारं आहे," मालन म्हणाली.

दिगंबरनं दाराकडे बघितलं. वारं नव्हतं. त्या दिवसापासून मालन हात वर करायला लागली की तो काम थांबवून बघायचा. ती पदर सावरायची, केस मागं घ्यायची, तरी तो बघायचा.

दिगंबरच्या दोन्ही डोळ्यांचं ऑपरेशन दोन वर्षांपूर्वी झालं होतं. त्याच्या डोळ्यात गावचा आठवडे बाजार होता. मोतीबिंदू झाला तसा बाजार गेला, आणि पट्टी सुटली त्या सकाळी परत आला. म्हणजे पत्र्याची शेड आली, ओटे आले, काटेरी झाडं आली. भाजी विकणाऱ्या बायका मात्र आल्या नाहीत. डोळा दुरुस्त झाल्यावर परत येणारी वस्तू पुरती येत नसे. काय मागं राहील ते आधी सांगता यायचं नाही.

तालुक्याची जीप तेव्हा पुरुषांना घेऊन जायची. बायकांचं नंतर बघू, असं ठरलं होतं. मालननं एकदा, अगदी सहज बोलावं तसं, आपल्यालाही जरा अंधारी येते म्हणून सांगून बघितलं होतं. दिगंबर म्हणाला होता, एवढी साडी मागावरून उतरू दे. त्यानंतर अकरा साड्या उतरल्या होत्या.

दर सोमवारी आरोग्य केंद्राचे पोफळे साहेब डोळे तपासायला यायचे. पन्नाशीचे, सरळ भांग पाडणारे, कधी आवाज न चढवणारे गृहस्थ. चावडीच्या भिंतीवर ते एक तक्ता लावायचे. गावातल्या पुष्कळांना वाचता येत नसल्यामुळे त्यावर अक्षरं नव्हती, तीन दात्यांच्या फणीसारखी चिन्हं होती. दाते कुठल्या दिशेला आहेत ते हातानं दाखवायचं. साहेबांनी एकदा सांगितलं होतं की वरून परिपत्रक आलंय, साऱ्या जगात असंच चाललंय. कुठं अख्खी बंदरं गेली, कुठं पूल गेले. आणि त्यातलं निम्मं तरी साध्या चष्म्यानं नाहीतर लहानशा ऑपरेशननं परत आणता आलं असतं.

"मग आणत का नाहीत?" अनसूयेनं विचारलं होतं.

"लोक सांगत नाहीत," पोफळे म्हणाले होते. "आणि सांगितलं तर कुणी विचारत नाही."

डोंगर गेल्यानंतरच्या सोमवारी सगळं गाव चावडीत रांगेला उभं होतं. प्रत्येकाला दुसऱ्याची तपासणी बघायची होती. मालनच्या मागं दिगंबर, त्याच्या मागं अनसूया. पोफळे साहेब तक्त्यापासून सहा मीटरवर, माणूस उभं करतात तिथंच खुर्ची टाकून बसले होते. मांडीवर वही होती.

पहिला माणूस पुढं गेला. वर, डावी, खाली, खाली, उजवी. साहेबांनी वहीत "ठीक" लिहिलं. दुसरा गेला. वर, डावी, खाली, खाली, उजवी. ठीक. बायका ओठांतल्या ओठांत तेच पुटपुटत होत्या. मालनलाही ते पाठ होतं. गेलं वर्षभर ती तेच म्हणत आली होती, फक्त सगळेच तेच म्हणतात हे तिनं आज पहिल्यांदा ऐकलं.

तिचा डावा डोळा चांगला होता. त्या डोळ्यानं तिनं तक्त्याकडे नीट बघितलं, आणि तक्ता उलटा टांगलेला होता. वरची दोरी तुटली असावी, म्हणून कुणी तरी खालच्या भोकातून अडकवला होता. मोठं चिन्ह तळाला होतं आणि बारकी वर. कुणी म्हणत होतं त्यातलं काहीच तिथं नव्हतं.

तिनं साहेबांकडे बघितलं. ते डोळे बारीक करून तक्त्याकडे बघत होते आणि "ठीक" लिहीत होते.

"या बाई," पोफळे म्हणाले. त्यांनी तिच्या हातात दांडीची काळी वाटी दिली. "आधी उजवा झाका."

मालननं वाटी गालाशी धरली.

"झाका नीट. फट ठेवू नका."

"दिसतंय मला साहेब."

"झाकल्याशिवाय कसं कळणार?"

रांगेतलं पुटपुटणं थांबलं होतं. मालनला मागं बघायचं नव्हतं. तिनं वाटी डोळ्यावर ठेवली आणि डाव्या डोळ्यानं जे दिसत होतं ते दाखवलं. डावी, वर, वर, उजवी, खाली.

"चुकलं," पोफळे म्हणाले आणि वहीत फुली मारली. "सगळं चुकलं."

रांगेत कुजबुज झाली. मग कुजबुज वेगळीच झाली. "दिगंबर कुठाय?" अनसूया म्हणाली. "आत्ता माझ्यापुढं होता." आणि जागा रिकामी दिसली म्हणून ती पाऊलभर पुढं सरकली.

मालननं वाटी काढली. दिगंबर होता त्याच जागी आला, आणि तिथं आता अनसूया उभी होती, त्यामुळे दोघंही कलंडली. एका म्हाताऱ्यानं त्याला धरलं. सगळ्यांनी दिगंबरकडे बघितलं, मग मालनच्या उजव्या डोळ्याकडे.

दिगंबरनं सदरा झटकला. "चहा," तो हळूच म्हणाला. "चहा असा गार झाला."

मालन वाटीची दांडी बोटांत फिरवत राहिली.

"किती वेळ धरला होतास हात?"

"थोडा वेळ."

"साय धरली होती चहावर."

तो पोफळ्यांकडे वळला. "साहेब, हिला आत्ताच्या आत्ता तालुक्याला न्या. मीही येतो."

"नाव लिहून घेतो. महिन्यात नंबर लागेल."

"महिन्यात डोळा गेला म्हणजे?"

पोफळ्यांनी जीपची किल्ली घेतली. सगळे चावडीबाहेर आले. जीप उभी होती, पण तिच्यापुढं रस्ता नव्हता. जिथून रस्ता सुरू व्हायचा तिथं पाटलांच्या गोठ्याची भिंत येऊन चिकटली होती, जणू पहिल्यापासून तिथंच होती. म्हशी शांतपणे रवंथ करत होत्या. मागं आकाश, पुढं भिंत. गाव आता चावडीभोवतीच्या चाळीसेक घरांचं उरलं होतं.

"कोण आहे ते सांगून टाका," दिगंबर लोकांना म्हणाला. "कुणी काही म्हणणार नाही. कुणाला अंधुक दिसतंय?"

मघाशी दिगंबरवर आदळली म्हणून सगळ्यांनी अनसूयेकडे बघितलं. अनसूयेनं मालनकडे बघितलं. "हिचेच दोन्ही डोळे गेले असतील," ती म्हणाली. "तक्त्यावरचं एकही सांगता आलं नाही हिला."

"तक्ता उलटा आहे," मालन म्हणाली.

कुणी आत जाऊन बघितलं नाही. बघून कळणार होतं असं कुणाला वाटत नव्हतं. शेवटी पोफळेच गेले. तक्त्याला नाक लागेल इतक्या जवळ ते उभे राहिले. बराच वेळ उभे राहिले. बाहेर आले तेव्हा त्यांनी वही बंद करून काखेत धरली होती.

"साहेब, तुमचे डोळे कोण तपासतं?" मालननं विचारलं.

"माझे?" पोफळे म्हणाले. "मीच तर तपासतो."

जीपमध्ये चष्म्यांची पेटी होती, गावोगाव वाटायला आणलेली. मालननं ती उघडली. पोफळे पायरीवर बसले आणि ती एकेक चष्मा त्यांच्या नाकावर चढवत गेली. पहिल्यानं काही झालं नाही. दुसऱ्यानं गोठ्याची भिंत थोडी मागं सरकली. तिसऱ्यानं तिच्या अलीकडे खडी दिसली आणि मैलभर रस्ता उलगडला. चौथा चढवला तेव्हा रस्ता थेट तालुक्यापर्यंत गेला. कडेची झाडं आली नाहीत, मैलाचे दगडही आले नाहीत, डोंगर तर नाहीच. नुसती डांबराची पट्टी होती.

"बसा लवकर," पोफळे म्हणाले. त्यांनी चष्म्याची काडी कानामागं घट्ट दाबली होती.

वाटेत मालन पुढच्या काचेतून बघत राहिली. डोळ्यात पाणी आलं तरी ती पापणी लववत नव्हती, कारण दिगंबर तिच्या पापण्या मोजत होता.

"मला झोप कधी लागते ते मला कधीच कळलं नाही," तो म्हणाला. "बोलता बोलता एकदम सकाळ व्हायची. मला वाटायचं मी तुझ्याआधी झोपतो."

"नाही."

"तुला माहीत होतं?"

"मंगळवारपर्यंत नाही."

थोडं अंतर गेल्यावर त्यानं विचारलं, "बाजार परत आला, तेव्हा बायका आल्या नव्हत्या ना?"

"शेड आली होती."

"माझ्यातलं काय येणार नाही?"

मालनच्या मनात एकदोन गोष्टी येऊन गेल्या. तिनं त्या सांगितल्या नाहीत.

"काय हसलीस?"

"हसले नाही."

"मी बघितलं," दिगंबर म्हणाला. "मला आता सगळं स्वच्छ दिसतं."

तालुक्याच्या इस्पितळात गर्दी नव्हती. नर्सनं डोळ्यात थेंब घातले, कागदावर मालनचा अंगठा घेतला. सही येते, असं मालन म्हणाली, पण तोवर अंगठा घेऊन झाला होता. चपला बाहेर काढायला सांगितल्यावर दिगंबरनं त्या उचलून स्वतःकडे घेतल्या आणि दाराबाहेरच्या बाकावर बसला. त्याचे हात मनगटापाशी जरा पुसट झाले होते. बाकाची रंगवलेली फळी त्यांतून दिसत होती.

"पट्टी किती वेळ ठेवतात?" त्यानं विचारलं.

"उद्या सकाळी काढू," नर्स म्हणाली.

"न लावता चालत नाही?"

"तुमचं झालंय ना ऑपरेशन? माहीत असेल की तुम्हाला."

दिगंबरनं मान डोलावली. मग तो मालनला म्हणाला, "नको असेल तर परत जाऊ. सांग."

इतक्या वर्षांत त्यानं तिला सांग म्हटल्याचं तिला आठवत नव्हतं. ती त्याच्याकडे बघत राहिली. परत गेलं तर साय दाट होत जाईल आणि तो मनगटांपासून सुरुवात करून हळूहळू जाईल. थांबलं तर आज एकदम जाईल, आणि सकाळी जे येईल ते येईल. त्याला हे समजलं होतं. तिला काय हवं आहे तेवढंच त्याला समजत नव्हतं, आणि तो तिच्या चेहऱ्यावर तेच शोधत होता.

"मला सांधणी करायची आहे," मालन म्हणाली आणि आत गेली.

हिरव्या कापडाच्या भोकातून तिला फक्त दिवा दिसत होता. डॉक्टर हलू नका म्हणाले, ती हलली नाही. तिनं डोळा ताणून उघडा ठेवला. साय बाजूला झाली तेव्हा दिव्याच्या आत असलेली तार तिला दिसली, सांधता येईल इतकी स्पष्ट.

"झालं," डॉक्टर म्हणाले.

मालननं मान वळवली. दार अर्धवट उघडं होतं. बाकावर दिगंबर बसला होता, आणि किती तरी महिन्यांनी तिला त्याच्या भुवईतला पांढरा केस दिसला. तो तिच्याकडेच बघत होता. त्यानं काही तरी विचारायला तोंड उघडलं.

नर्सनं चिकटपट्टीचा तुकडा टरकन फाडला आणि कापसाची घडी डोळ्यावर दाबून बसवली.

बाहेर फरशीवर चपला पडल्या. आधी एक, मग दुसरी.