काचेवरची अकरा नावं

दुपारचे सव्वातीन. स्टुडिओ क्रमांक दोन. शेवटच्या भागाचं थेट प्रक्षेपण चालू होतं.

मी प्रॉम्प्टर बोलतोय. कॅमेऱ्यासमोरची काच मीच. बोलायचे शब्द माझ्यावरून सरकतात. तुम्हाला वाटतं, पडद्यावरचा माणूस तुमच्याकडे बघतोय. तो मला वाचत असतो.

चौदा वर्षं मी एका विनोदी कार्यक्रमाची सेवा केली. मंत्र्यापासून शेजाऱ्यापर्यंत कुणाचीही भीडभाड न ठेवणारा कार्यक्रम. सादर करायचे मास्तर. पूर्वी शाळेत शिकवायचे. लिहायची त्यांची थोरली बहीण. हशा येईल तिथे ती कंसात 'थांब' लिहायची. पहिल्याच भागात मास्तरांनी तेही मोठ्याने वाचलं आणि लोक पोट धरून हसले. मग दर भागात एकदा 'थांब' म्हणायचंच, असा शिरस्ता पडला.

यंदा एक पूल पडला. अकरा माणसं गेली. ठेकेदार वाहिनीचा मोठा जाहिरातदार, म्हणून बातम्यांत मेलेल्यांचा फक्त आकडा आला. मास्तरांनी तीन आठवडे विषय लावून धरला. चौथ्या आठवड्यात हुकूम आला: निरोपाचा भाग करा.

ताईने त्या भागात अकराही नावं घातली.

"अरे, एवढी तरी पाठ कर."

"पाठांतर जमलं असतं तर शाळा सोडली असती का?"

"फाजीलपणा पुरे!"

"अगं, हा आहे ना," म्हणत मास्तरांनी मला टिचकी मारली.

सातवं नाव झालं आणि मी काळा पडलो.

मास्तर बघत राहिले. "आणि... एक शिंपीण होती. तिची भाची..." नाव काही आठवेना. लोकांना गंमत वाटली. "थांब म्हणा, मास्तर!" कुणीतरी ओरडलं. हशा पिकला. पहिल्या रांगेत शिंपिणीचा नवरा होता. बायकोचं नाव ऐकायला कडक इस्त्रीचा शर्ट घालून आलेला. ताई कागद घेऊन धावली. ती पोहोचायच्या आत जाहिरात लागली आणि प्रक्षेपण परत आलंच नाही.

आता मी गोदामात आहे. पाठीवर चिठ्ठी: 'बिघाड'. साफ खोटं! दुसऱ्याच दिवशी तंत्रज्ञ काकांनी मला लावून पाहिलं. अकराच्या अकरा नावं नीट सरकली. "लेका, तुझ्यात काही खोट नाही," काका म्हणाले आणि डोळे पुसत राहिले.

मला बंद करायचं बटण नियंत्रण कक्षात आहे. त्या दुपारी तिथे तिघं होते. त्यांच्यापैकी एकालाही अजून कुणी विचारलेलं नाही.