सोलांजचं एक मिनिट

फेब्रुवारीचा फिकट, दुधाळ उजेड लंडनच्या हॅरो उपनगरातल्या खिडक्यांवर उतरला, की मला सोलांजचा उंचावलेला हात दिसतो. तळवा उघडा, बोटं किंचित मिटलेली, जणू खोलीत शिरलेलं पाखरू बिचकू नये म्हणून जपणारा.

लेखक-चित्रकारांवर माहितीपट करण्यात या फ्रेंच बाईनं आयुष्य वेचलं होतं. तिच्या चित्रपटांत घटना नसत. शाई वाळे, चहा निवे, भिंतीवरचं ऊन सरके. मुलाखत आटोपली, की तो हात वर जाई. मग एक मिनिट कुणीही बोलायचं नाही. आवाजाच्या जोडणीसाठी रिकाम्या खोलीचं मौन सगळेच चित्रपटवाले टेपवर घेतात. ही मात्र त्या मौनात माणसालाही कॅमेऱ्यासमोर बसवून ठेवी.

हॅरोतल्या देवधरकाकांवर ती चित्रपट करत होती, तेव्हा मी तिची दुभाषी होते. काका निवृत्त भूलतज्ज्ञ, पण जीव मराठी कवितेत. इराकवर हल्ला होऊ घातला होता, माझी बॅग मोर्चाच्या पत्रकांनी फुगलेली, आणि 'गप्प बसणं म्हणजे संमती' हे त्यांतलं वाक्य माझंच. मुलाखत संपली, सोलांजचा हात वर गेला. काकांनी डोळे मिटले. त्यांचा संथ, किंचित घरघरता श्वास त्या उजेडात मिसळू लागला, आणि मी उसळले, "बाहेर माणसं मरणार आहेत, आणि आपण इथे गप्प बसण्याचं शूटिंग करतोय!"

"अगं, मिनिटभर दम धर," काका हसले. "तेवढ्यात तुझी क्रांती शिळी नाही व्हायची."

सोलांजनं हात खाली घेतला. काका दमले होते. "एप्रिलमध्ये पुन्हा घेऊ," एवढंच म्हणाली.

मार्चमध्ये युद्ध सुरू झालं. त्याच महिन्यात काका गेले.

पुढल्या वर्षी लंडनमधल्या एका छोट्या सभागृहात तो चित्रपट पाहिला. शेवटी काकांचे मिटलेले डोळे, अकरा सेकंद श्वास, आणि जिथे माझा आवाज सुरू व्हायचा तिथे काळोख. उरलेलं मिनिट तिनं तसंच रिकामं, निःशब्द चालू दिलं होतं. सरळच लिहिते: मोर्चाचा मला पश्चात्ताप नाही, त्या मिनिटाचा आहे.

बाहेर पडताना "सॉरी" म्हणायला तोंड उघडलं, तर तिनं तोच हात वर केला. रागानं नव्हे, सवयीनं. मी गप्प राहिले.

आता मी कुणाच्याही घरी गेले, की बोलणं संपल्यावर जरा थांबते. गेलेल्या माणसाचा श्वास काळ परत देत नाही, पण तो जिथे तुटला ती जागा स्मृती रिकामीच ठेवते, आणि तिथे ऐकू येतो तो फक्त त्या दिवशीचा माझा आवाज.