वृंदाच्या लग्नाची ओरिजिनल कॅसेट

बहिणीच्या, वृंदाच्या लग्नाची कॅसेट नीलिमाने पुन्हा लावली आणि तिचं डोकंच फिरलं. अंबरनाथचा अख्खा गोतावळा त्यात होता. कुणी श्रीखंड चापत होतं, लांबचे एक मावसकाका तर जांभई देताना टिपले होते. रुखवतावरून कॅमेरा जत्रेत फिरल्यासारखा फिरला होता: सुपारीचे भटजी, लोकरीचं बदक, मोत्यांचा हत्ती. पण डोळे फुटेपर्यंत खपून ते रुखवत जिनं केलं, ती कुमुदिनीआत्या मात्र कुठेच नव्हती.

आत्या म्हणजे नीलिमाच्या वडिलांची, शशिकांतांची थोरली बहीण. ऐन तारुण्यात नवरा गेला, ती भावाकडे आली आणि वृंदा-नीलिमाला तिनंच लहानाचं मोठं केलं. आता शहाण्णव साली नीलिमा सिनेमाचं शिक्षण घेऊन आली होती आणि घरातल्या जुन्या कॅसेटींतून घराण्याची फिल्म जुळवत होती. आत्या नसेल तर ते कसलं घराणं? राबायला आत्या चालते, फोटोत चालत नाही. वा रे खानदानी माणसं!

तिनं तडक उल्हासनगर गाठलं. ही कॅसेट तयार करणाऱ्या लछमनदासचं दुकान कॅम्प दोनच्या बाजारात होतं. लग्नाच्या शूटिंगची काटछाट करायची आणि वर सनईपासून सिनेमापर्यंतची गाणी चढवायची, हा त्याचा धंदा.

"मैं क्या करू, बेटी? तुझे पप्पा बाजूला बसून सांगत होते. बोले, शुभकार्य है, विधवा बाई का शॉट निकालो. पण ओरिजिनल पडलंय माझ्याकडे. ओरिजिनल आम्ही फेकत नाही."

रविवारी नीलिमाने घरात सगळ्यांसमोर ती ओरिजिनल कॅसेट लावली. शशिकांत कौतुकाने पुढे सरसावून बसले. आत्या मागे मटार सोलत होती.

पडद्यावर आत्या वृंदाच्या केसांत गजरा माळत होती, हसत होती. तेवढ्यात हॅलोजनचा भगभगीत दिवा त्या दोघींवर आला आणि शशिकांतांचा आवाज ऐकू आला, "ताई, शूटिंग चाललंय. तू आत जा." आत्याने हात काढला. अर्धाच माळलेला गजरा लोंबत राहिला.

"बंद कर ते!" शशिकांत कडाडले. "घरातली लक्तरं वेशीवर टांगायला शिकलीस काय?"

"लक्तरं तुम्ही केलीत, पप्पा. मी नुसती दाखवतेय."

"तेव्हा रीतच होती ती. ताईला विचार, तिची काही तक्रार नव्हती."

आत्याने मटारची ताटली खाली ठेवली.

"कधी विचारलंस, शशी? माझ्या हातांनी वाढवलेल्या पोरीवर मी खिडकीतून अक्षता टाकल्या. कुणाला दिसलं तरी का ते? नीलू, यातला एक तुकडासुद्धा कापू नकोस. आणि शशी, तुला बघवत नसेल तर आता तू आत जा."

शशिकांत उठले. दारापाशी क्षणभर रेंगाळले, कुणीतरी बसा म्हणेल म्हणून. कुणीच म्हणालं नाही.