मशीनखोलीच्या दोन खिडक्या

"आता मी जे सांगणार आहे ना, त्यावर तुमच्यापैकी एकाचाही विश्वास बसणार नाही. आणि बसलाच, तर मला तुमची काळजी वाटेल," ऑपरेटर म्हणाला, आणि स्वयंपाकघराच्या दारात त्याच्या लेकीच्या हातातली बशी जागच्या जागी थांबली.

ऑपरेटर हे काही त्याला आईबापांनी ठेवलेलं नाव नव्हे. सिनेमा थिएटरच्या मशीनखोलीत प्रोजेक्टर चालवण्यात जन्म गेला, त्यामुळे दूधवाल्यापासून डॉक्टरापर्यंत अख्खी गल्ली त्याला ऑपरेटरच म्हणे. ते थिएटर जाऊन तिथे फर्निचरचं दुकान आलं, तरी ऑपरेटर तो ऑपरेटरच राहिला. दुसरी कीर्ती थापांची. सिनेमा चालू असताना आपण पडद्याला इस्त्री केली, नायिकेच्या डाव्या गालाला चटका बसला, आणि तेव्हापासून ती बाई प्रत्येक खेळात उजवा गाल पुढे करूनच रडायची, हे त्याने लेकीच्या मुख्याध्यापिकेला सांगितलं होतं. त्या बिचारीने विचारलं होतं एवढंच, की मुलीचा घरी अभ्यास कोण घेतं.

म्हणूनच आज सकाळी, मुलाकडचे यायच्या आधीच, लेकीने त्याला खुर्चीत बसवून दम भरला होता.

"बाबा, आज एकही थाप नाही. अर्धीसुद्धा नाही. त्याची आई कॉलेजात फिजिक्स शिकवते. जिथे खरं बोलत नाहीत तिथे नातं जोडायचं नाही, असं तिने त्याला तोंडावर सांगितलंय. आणि तिचं मन मोडून लग्न करायचं नाही, असं आमचं दोघांचं ठरलंय."

"मी कधी खोटं बोललोय?"

"बाबा!"

"बरं, बरं. तोंडाला कुलूप."

लेक नकाशे काढण्याच्या कचेरीत होती, मुलगा तिच्या शेजारच्या टेबलावर. तो भेटल्यापासून ती भांडी घासताना गुणगुणायला लागली होती, आणि तिची आई गेल्यापासून त्या घरात कुणी गुणगुणलं नव्हतं. ऑपरेटरला हे लग्न हवं होतं. तिच्यापेक्षा कणभर जास्तच हवं होतं. त्यामुळे पाहुणे आल्यापासून तो जिवावर उदार होऊन खरं बोलत होता.

आणि खऱ्याने घात केला होता.

"मशीनखोलीत फार उकडत असेल, नाही?" मुलाच्या वडिलांनी विचारलं. ते दातांचे डॉक्टर. समोरचा बोलू शकत नाही अशा वेळी गप्पा मारायची त्यांना सवय.

"हो."

"आवाजही होत असेल मशीनचा?"

"हो."

"पण सिनेमे मात्र फुकटात!"

"हो."

डॉक्टरांनी बिस्किट खाल्लं. ते तुटल्याचा आवाज सगळ्यांनी ऐकला. मुलगा आपल्या मोज्यांकडे बघत होता. लेकीने चौथ्यांदा चहाचं विचारलं. इस्त्रीच्या साडीतल्या प्रोफेसरबाई सोफ्याच्या अगदी काठावर बसल्या होत्या, जणू मागे टेकलं तर पावती फाडतील. त्यांनी भिंतीवरच्या कॅलेंडरचे दोन महिने वाचून काढले आणि पर्स मांडीवर घेतली. पर्स मांडीवर येणं म्हणजे काय, हे ऑपरेटरला कळत होतं. तिकिटं काढून बसलेली माणसं मध्यंतराआधी कशी उठतात, ते त्याने वरून जन्मभर पाहिलं होतं.

डॉक्टरांनी बुडत्या माणसासारखे हात मारले. "अगं, तू ते उजेडाचं शिकवतेस ना? लहर की कण? यांना विचार की, यांनी उभा जन्म उजेडातच काढलाय."

"ते काय विचारायचं?" बाई म्हणाल्या. "दोन बारीक फटींतून प्रकाश सोडला तर पडद्यावर काळे-पांढरे पट्टे उमटतात. म्हणजे तो लहरीसारखा दोन्ही फटींतून गेला. पण कुठल्या फटीतून जातोय ते तपासायला गेलात, की पट्टे नाहीसे होतात आणि तो मुकाट्याने कणासारखा एकाच फटीतून जातो. दर वर्षी शिकवते मी हे, आणि दर वर्षी पोरं झोपतात."

"फटी किती म्हणालात?" ऑपरेटरने विचारलं.

"दोन."

ऑपरेटरने लेकीकडे बघितलं. लेकीने मान हलवली, नाही, नाही, नाही. ऑपरेटरने पर्सकडे बघितलं. आणि मग सुरुवातीला सांगितलं ते वाक्य त्याच्या तोंडून निसटलं.

"आमच्या मशीनखोलीलाही दोनच खिडक्या होत्या," तो पुढे म्हणाला. "वीतभर वीतभर. एकीतून मशीनचा उजेड बाहेर पडायचा, दुसरीतून ऑपरेटरने पडद्याकडे बघायचं. मी नवा होतो तेव्हा माझ्या उस्तादांनी एकच गोष्ट शिकवली: काही झालं तरी खिडकीवरून नजर हलवू नकोस. मला वाटलं, चित्र धूसर झालं तर कळावं म्हणून. तसं नव्हतं ते. एका दुपारी मी संत्रं सोलायला पाठ फिरवली, आणि खाली हा गदारोळ! शिट्ट्या, खुर्च्यांची आदळआपट! डोअरकीपर धापा टाकत वर आला, म्हणाला, अरे, हिरोच्या अंगावर पट्टे! हिरोइनीच्या अंगावर पट्टे! घोड्यावर बसलाय की झेब्र्यावर, कळेना झालंय! मी खिडकीतून बघतो तर सगळं लख्ख. घोडा तो घोडा."

"म्हणजे कुणी बघत नसलं की उजेड दोन्ही खिडक्यांतून जायचा?" डॉक्टर हरखून म्हणाले.

"राजरोस!"

"शक्य नाही," बाई म्हणाल्या. शब्द कोरडा होता, पण त्या उठल्या नाहीत. "फटी केसाएवढ्या अरुंद लागतात. एकमेकींना खेटून लागतात. वीतभर खिडक्यांतून कसले पट्टे?"

"आमचं थिएटर जुनं होतं हो. तिथला उजेड आताच्यासारखा बारीक नव्हता. जाडाभरडा होता."

"म्हणजे तरंगलांबी मोठी होती?"

"तेच! मला शब्द सापडत नव्हता."

"मग तो डोळ्यांना दिसलाच नसता!"

"म्हणून तर लोक पुढच्या रांगेसाठी मारामाऱ्या करायचे."

मुलाला ठसका लागला. लेकीने त्याच्या पाठीवर हात ठेवला आणि बापाकडे असं बघितलं, की दुसरा कुणी असता तर तिथेच गप्प झाला असता. ऑपरेटरने तिच्याकडे बघायचंच टाळलं. एकदा रीळ सुटलं की मध्येच थांबवता येत नाही, थांबवलं तर जळतं.

"मालक वर आला," तो सांगू लागला. "माझ्या डोक्यावर उभा राहून बघतो तर पट्टा नाही. जिना उतरला, की पट्टे. पुन्हा वर, पुन्हा खाली. त्या एका खेळात मालकाचं पोट निम्मं झालं. शेवटी म्हणाला, तुझ्या नजरेत दम नाही, आता माझ्या सासूबाईंनाच आणून बसवतो. आणि ती म्हातारी म्हणजे काय सांगू! जावई घरात पाऊल टाकतो न टाकतो, तोच त्याच्या चपलांकडे बघून ती सांगायची, कुठल्या गल्लीतून आलात, कोपऱ्यावर कुणाशी बोलत उभे होतात, आणि ते घरी सांगणार होतात की नाही."

"माझ्या आईसारखी," डॉक्टर म्हणाले.

"तुमच्या आईंना मी ओळखत नाही," ऑपरेटर सावधपणे म्हणाला. "तर म्हातारी खिडकीशी स्टूल टाकून बसली. उजेड निघाला की दरडावून विचारायची, कुठून चाललास? या खिडकीतून की त्या? काय बिशाद त्याची लहरत जायची! मान खाली घालून, एका रांगेत, एकाच खिडकीतून."

"हे मात्र बरोबर आहे," बाई म्हणाल्या, आणि आपण काय बोलून गेलो ते ध्यानात येऊन त्यांनी ओठ मिटले. "म्हणजे, तत्त्व बरोबर आहे. वाट तपासली की पट्टे जाणारच. बाकी सगळं चूक."

"पण म्हातारीने जरा अतीच केलं. उजेड इतका भेदरला, की नुसता कण कण होऊन पडायला लागला. बारीक साखरेएवढे कण! पडद्यावर आपटायचे आणि खाली सांडायचे. खेळ संपला की डोअरकीपर केरसुणीने गोळा करायचा. त्याच्या बायकोने डबा भरून ठेवला होता. सुईत दोरा ओवायच्या वेळी चिमूटभर काढायची."

"प्रकाशाचा कण साठवता येत नाही!" बाईंचा आवाज वर्गातला झाला. "तो थांबत नाही. थांबला की संपला."

"म्हणून तर तो डबा सतत हलवत ठेवावा लागे. तिचा उजवा दंड बघायला हवा होता तुम्ही. पहिलवानासारखा."

डॉक्टर इतके हसले की त्यांना चष्मा काढावा लागला. बाई हसल्या नाहीत. त्यांनी पेपर नॅपकिन पुढे ओढला, मुलाच्या खिशातलं पेन न विचारता काढलं, आणि दोन खिडक्या काढल्या.

"हे बघा," त्या म्हणाल्या. "म्हातारी असताना कण आणि नसताना लहर, एवढ्याने काही सिद्ध होत नाही. म्हातारीला घरी पाठवायचं. दिवा इतका मंद करायचा, की एका वेळी एकच कण सुटेल. एकटा. संगतीला दुसरा कुणी नाही. मग तो काय करतो, ते खरं बघण्यासारखं. हे केलंत का तुम्ही?"

ऑपरेटरने एक क्षण त्या नॅपकिनकडे बघितलं.

"तेच तर केलं," तो म्हणाला.

बाई पुढे सरकल्या. पर्स मांडीवरून घसरून खाली पडली, ती कुणी उचलली नाही. लेकीने हातातली बशी टेबलावर ठेवली आणि मुलाच्या शेजारी खुर्चीच्या हातावर टेकली. तिच्या कपाळावरची आठी गेली नव्हती, पण आता ती बापाकडे नाही, बाईंकडे बघत होती.

"सुट्टीचा दिवस होता," ऑपरेटरने आवाज खाली आणला. "थिएटर बंद. म्हातारी आपल्या घरी. मी मशीनच्या दिव्यातल्या कार्बनच्या कांड्या एकमेकींपासून इतक्या लांब ठेवल्या, की उजेड पेटतो की नाही अशी त्यालाच शंका यावी. आणि मग विचार केला, मी इथे थांबलो तर माझी नजर खिडकीकडे जाणारच. सवयच ती. म्हणून सरळ बाहेर पडलो. मालकाने माझ्यासमोर दाराला कुलूप घातलं, किल्ली खिशात टाकली, आणि आम्ही दोघं रस्त्यापलीकडे टपरीपाशी जाऊन उभे राहिलो. आत चिटपाखरू नाही. भिंतीवर पाल होती, तीही मी आधी हाकलली."

"पालीने फरक पडत नाही," बाई घाईने म्हणाल्या. "पुढे?"

"पुढे काय, पहिला कण सुटला. एकटा. रिकाम्या खुर्च्यांवरून गेला आणि पडद्यावर टेकला. टिंब. दुसरा कुठेतरी भलतीकडेच. तिसरा पार कोपऱ्यात. पावसाच्या पहिल्या थेंबांना कुठे पडायचं ते ठाऊक नसतं ना, तसं. मला वाटलं, संपलं, याच्यात काही राम नाही. पण पडद्यावर टिंबं साचत गेली, आणि बघता बघता त्यांच्यात वाटा दिसायला लागल्या. इथे गर्दी, तिथे एकही नाही. पुन्हा गर्दी, पुन्हा मोकळं. एकट्या कणाला कुणी सांगितलं नव्हतं, की अमुक ठिकाणी बसू नकोस. आधीचे कुठे बसलेत, हेही त्याला ठाऊक नव्हतं. तरी चुकून एकही त्या काळ्या पट्ट्यात उतरला नाही. आणि संध्याकाळी अख्खा पडदा पट्ट्यापट्ट्यांचा, मधला सगळ्यांत उजळ. त्या उजेडात पहिल्या रांगेतल्या खुर्च्यांची मखमल इतकी सुंदर दिसत होती, की..."

डॉक्टरांच्या हातातलं बिस्किट चहात विरघळून गेलं. बाईंनी पेन गालाला लावलं होतं. वर्षानुवर्षं झोपलेल्या पोरांना जे सांगायचं होतं, ते कुणीतरी जागेपणी बघून आल्यासारखा त्यांचा चेहरा झाला होता. मग त्यांच्या भुवया हळूहळू वर चढल्या. नॅपकिन टेबलावर आपटून त्या उभ्याच राहिल्या.

"खोटं! साफ खोटं! तुम्ही तर रस्त्यापलीकडे टपरीपाशी उभे होतात, दाराला कुलूप होतं, आत पालसुद्धा नव्हती! मग ती खुर्च्यांची मखमल पाहिली कुणी, व्याही?"