रंध्यावरचा कोबी

मिस्त्रींच्या तोंडात नवी कवळी बसली तेव्हा घरात सगळ्यांना हायसं वाटलं. फक्त मिस्त्रींनाच वाटलं नाही. आरशात त्यांना कुणी दुसराच माणूस दिसायचा, आणि तोही उगाचच हसत असल्यासारखा.

आयुष्यभर सुतारकाम केल्यामुळे सगळे त्यांना मिस्त्रीच म्हणत. जुने दात एकेक करून गेले, तशी मिस्त्रींनी एक सवय लावून घेतली होती. इतरांची ताटं मांडायच्या आधीच ते "मला जरा लवकर भूक लागते" असं पुटपुटत, आपलं ताट उचलून आतल्या खोलीत जात आणि दार ओढून घेत. नुसत्या हिरड्यांनी चावताना आपले गाल कसे आतबाहेर होतात, हे त्यांनी एकदा कपाटाच्या काचेत पाहिलं होतं. तेव्हापासून ही लपाछपी चालू होती. घरच्यांना सगळं कळत होतं, पण माणसं मायेची, कुणी विषय काढला नाही. आणि विषयच निघत नाही म्हटल्यावर सवय इतकी पक्की झाली, की कवळी आल्यावरही सुटली नाही.

आज मात्र धाकटी जेवायला येणार होती. धाकटी म्हणजे मिस्त्रींची बहीण. तिची साठी उलटून गेली होती, पण जिभेला अजून लगाम नव्हता. फोनवर तिने विचारलं होतं, "काय रे दादा, या खेपेला आमच्याबरोबर बसणार, की साहेबांचं ताट आत पाठवायचं?"

मिस्त्री फटकन बोलून गेले, "बसणार तर! सगळ्यांबरोबर बसणार आणि सगळे खातील तेच खाणार."

फोन ठेवला आणि मग आपण काय बोललो ते त्यांना कळलं. तोंडातून गेलेला शब्द परत कसा घेणार, आणि तोही धाकटीकडून?

सकाळी ते स्वयंपाकघरात आले तेव्हा सूनबाई कोबी किसत होती. ओट्यावर हिरव्या सालीची सफरचंदं, अर्धा अननस, काळी द्राक्षं, गाजरं आणि दही असं सगळं मांडलेलं होतं. कोपऱ्यात एक जांभळा कोबीही होता. फळं घातलेलं गोड-आंबट कोलस्लॉ, म्हणजे कच्च्या कोबीची दह्यातली कोशिंबीर, हा सूनबाईच्या हातचा हुकमी पदार्थ, आणि मिस्त्रींनीच तो मागितला होता. "मऊ काही नको. आवाज होईल असं काहीतरी कर," असं सांगून.

त्यांनी किसणीखाली पाहिलं.

"हे काय गं? भुसा पाडतेस?"

"बाबा, डॉक्टरीणबाई काय म्हणाल्या? सुरुवातीला सोपं खा."

"सोपं म्हणाल्या. चावलेलं आयतं द्या, असं नाही म्हणाल्या."

सूनबाईने हसू दाबलं. "मग तुम्हीच चिरा. पण मोठं मोठं नको हं. आत्यांसमोर अडकलं बिडकलं तर?"

तिच्या मनात काही नव्हतं, पण ते "अडकलं बिडकलं" मिस्त्रींना लागलं. ते तडक खोलीत गेले आणि पेटी उघडून एक छोटा रंधा घेऊन आले. कारखान्यातल्या सोबत्यांनी निरोपाला दिलेला, लाकडाला एकदाही न लागलेला. त्यांनी तो सुटा केला, पातं उकळत्या पाण्यात घातलं, खसखसून पुसलं, पुन्हा जोडलं, आणि रंधा उलटा करून शिकंज्याने टेबलाच्या कडेला आवळला.

"बाबा, हे काय चाललंय?"

"बघच तू."

कोबीचा अर्धा गड्डा त्यांनी तळहाताखाली धरला आणि रंध्यावरून सरकवला. खर्रर्र! खालून एक लांब, पातळ, कुरळी ढलपी उतरली. सूनबाई "अगंबाई!" म्हणाली आणि तिथेच घात झाला.

कारण मिस्त्रींची अर्धी हयात एकाच कौतुकावर गेली होती. ढलपी किती पातळ उतरते? उजेडाला धरली तर पलीकडचं दिसतं का? हात एकदा सुरू झाला की त्यांना भान राहत नसे. त्यांनी हातोडीने पात्याला हळूच टिचकी मारून ते आत घेतलं, पुन्हा कोबी सरकवला, पुन्हा टिचकी मारली. दोन्ही अर्धे गड्डे संपले तेव्हा टेबलावर कोबीचा असा ढीग होता, की फुंकर मारली तर उडून जाईल. त्यांनी एक ढलपी खिडकीशी धरली. पलीकडचं झाड स्पष्ट दिसत होतं.

"याला म्हणतात काम," मिस्त्री म्हणाले.

"याला म्हणतात काम," सूनबाईनेही मान्य केलं, आणि मोठ्या पातेल्यात ढीग घेऊन त्यावर मीठ, लिंबाचा रस आणि मध घातला. वरून थोडी मोहरीची पूड, मिरपूड. दोन्ही हातांनी हलकंच कालवलं आणि ती गाजराकडे वळली.

गाजर चिरून मागे बघते तो काय! ढीग गायब. पातेल्याच्या तळाशी ओल्या पोतेऱ्यासारखं काहीतरी पडलेलं, आणि भोवती पाणी.

दोघं पातेल्यात वाकून बघत राहिले.

"कुठे गेलं सगळं?" मिस्त्रींनी विचारलं.

"बाबा," सूनबाई शक्य तितक्या गंभीरपणे म्हणाली, "तुम्ही कधी लाकडाला मीठ लावून पाहिलं नाहीत, नाही का?" आणि मग तिला आवरेना. ती ओट्याला टेकून डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसली.

मिस्त्रींनी पातेल्यात बोट घालून पाहिलं. किसलेल्या कोबीला त्यांनी भुसा म्हटलं होतं, आणि त्यांच्या कोबीपेक्षा तो भुसा बरा होता. कुरकुरीत खायचं म्हणून हट्ट केला आणि सगळी कुरकुर स्वतःच्याच हाताने तासून टाकली. ते हळूच म्हणाले, "राहू दे. मी आपला आत बसतो. तिला सांग, मला लवकर भूक लागली."

सूनबाईचं हसू थांबलं. हे वाक्य ती रोज ऐकत होती, पण आज पहिल्यांदा तिने त्याला उत्तर दिलं.

"मुळीच नाही. तो जांभळा कोबी आणा इकडे. आणि रंधा नको. सुरी घ्या."

"जाड चिरू?"

"तुम्हाला हवं तसं चिरा. मी बघणारसुद्धा नाही."

मग मात्र मिस्त्रींनी मन लावून चिरलं. जांभळा कोबी काडेपेटीतल्या काडीएवढा जाड. हिरव्या कोबीचे उरलेले दांडे सूनबाई टाकायला निघाली होती. त्यांनी ते अडवले, साल काढून त्यांच्याही काड्या केल्या. सफरचंद सालीसकट चिरून लगेच लिंबात घोळवलं. अननसाचे तुकडे झाले, द्राक्षं अर्धी कापली. तोवर सूनबाईने तो लोळागोळा झालेला कोबी मुठीत घेऊन पिळला. त्याचं गोड-आंबट पाणी तिने वाया जाऊ दिलं नाही. तेच दह्यात घोटलं, चव घेतली, आणखी थोडा मध घातला, पुन्हा चव घेतली आणि चमचा मिस्त्रींपुढे धरला.

मिस्त्रींच्या भुवया वर गेल्या. "अगं, हे तर झकास लागतंय!"

"लागणारच. कोबी कुणी तासलाय?"

मऊ कोबी, कुरकुरीत काड्या आणि फळं, सगळं एकत्र झालं आणि दह्यात जांभळा रंग उतरायला लागला, तेवढ्यात दार वाजलं.

धाकटी आली ती घर डोक्यावर घेतच. भाच्याच्या, म्हणजे मिस्त्रींच्या मुलाच्या, पाठीत एक धपाटा, सूनबाईला मिठी. मग तिची नजर टेबलावर आवळलेल्या रंध्यावर गेली.

"हे काय? जेवायला बोलावलंय की टेबल दुरुस्तीला?"

"ती एक गंमतच आहे, आत्या," सूनबाई म्हणाली. "जेवताना सांगते."

मिस्त्री बसले. टेबलापाशी, सगळ्यांच्या मध्ये, आणि नेमके धाकटीच्या समोर. ताटात कोलस्लॉ पडलं. लहान घास, दोन्ही बाजूंनी सारखं चावायचं, घाई नाही. डॉक्टरीणबाईंचं सांगणं मनात घोकत त्यांनी पहिला घास घेतला.

कर्र.

हा आवाज त्यांच्या स्वतःच्या तोंडातून आला होता! सफरचंदाचा आंबटपणा आधी आला, मागून अननस, मग मधाची हलकी गोडी, आणि दांड्याची काडी तर अशी मोडली, की कानात ऐकू आली. किती काळ लोटला होता असं काही खाऊन! दुसरा घास मोठा झाला. तिसरा त्याहून मोठा. सांगणं-घोकणं सगळं विसरलं, सफरचंदाचा एक जाड तुकडा डाव्या दाढेखाली गेला, मिस्त्रींनी जोर लावला आणि कवळी उजवीकडून उचलली गेली.

खट्ट!

सगळ्या टेबलाला ऐकू गेलं. मुलगा आपल्या पेल्यात बघायला लागला. सूनबाई भरलेला तांब्या घेऊन पाणी आणायला उठली. मिस्त्रींच्या कानशिलांत रक्त चढलं. आतल्या खोलीचं दार चार पावलांवर होतं, अर्धवट उघडं. त्यांनी खुर्ची मागे सरकवली.

"दादा," धाकटी घास तोंडात ठेवूनच म्हणाली, "स्वतः मिस्त्री असून बिजागरी वाजते? तेल घाल की जरा!"

मुलाने पेल्यातून मान वर काढली.

आणि मिस्त्री हसले. ओठ मिटून नाही, तर चांगले खदखदून, मान मागे टाकून. तशी वरची कवळी सुटून खालीच आली. त्यांनी ती रुमालात झेलली, पाठ वळवून जागेवर बसवली, अंगठ्याने दाबली आणि वळून म्हणाले, "बिजागरी नाही, सांधा आहे. नवा आहे. बसायला वेळ लागतो."

"मग बसव निवांत. पण अननस सगळा तू घेतलास, तो इकडे दे."

"माझा आहे. मी चिरलाय."

"सूनबाई, हा बघ, अजून तसाच आहे हावरट!"

सूनबाई भरलेला तांब्या परत घेऊन आली आणि तिने रंध्याची हकिगत सांगितली. धाकटीने टेबलावर थापा मारल्या. मुलगा इतका हसला, की त्याला ठसका लागला. मिस्त्री मधेमधे "उजेडाला धरलं की झाड दिसत होतं, हे पण सांग" असं बजावत राहिले. पातेलं दुसऱ्यांदा फिरलं, तिसऱ्यांदा फिरलं. तळाशी उरलेलं जांभळं दही धाकटीने वाकडा चमचा घालून खरवडलं.

ताटं उचलायची वेळ झाली. मुलगा हात धुऊन आला, सूनबाईने ओटा पुसायला घेतला. मिस्त्रींच्या ताटात अजून निम्मं शिल्लक होतं. ते एकेक काडी तोंडात घालत होते, दोन्ही बाजूंनी, सारखं, सावकाश. धाकटी हनुवटीला हात लावून बघत बसली होती.

"उरकतोस का रे? मला गप्पा मारायच्या आहेत."

"मार की," मिस्त्री म्हणाले आणि त्यांनी सफरचंदाचा आणखी एक तुकडा उचलला. "मी इथेच आहे. अजून जेवतोय."