मिसेस टॅपलोचा आवाज

सव्वीस वर्षांची होते तेव्हा मी रेडिओवर नव्वदीची म्हातारी होते. मिसेस टॅपलो, खोल्या भाड्याने देणारी घरमालकीण, भाडेकरूंच्या दारांना कान लावत हिंडणारी. "ऐकू काही आलं नाही मला, पण शोभत नाही हो हे!" एवढं म्हटलं की हशा ओसरेपर्यंत पुढच्या नटाला थांबावं लागायचं. लंडनच्या बसमधले कंडक्टर उतारूंना ते वाक्य ऐकवायचे, आणि मी खिडकीशी तिकीट धरून गप्प बसलेली असायची.

मग मालिका टेलिव्हिजनवर गेली. तिथल्या साहेबांनी मला वरपासून खालपर्यंत पाहिलं आणि म्हणाले, "बाई, हे वय आम्ही लपवायचं कुठे?" भूमिका एका खऱ्याखुऱ्या म्हातारीला मिळाली. ती उत्तम नटी होती, त्यामुळे मला धड रागही धरता आला नाही. पुढची सगळी वर्षं मी टेलिव्हिजनवर शेजारीण झाले, नर्स झाले, पोस्टातली बाई झाले, कुणाकुणाची सासू झाले. दार उघडायचं, एक वाक्य बोलायचं, दार लावून घ्यायचं. घरभाडं निघत होतं, तक्रार नव्हती. फक्त मिसेस टॅपलो एकदा परत माझी व्हावी, एवढं मनातून गेलं नाही.

गेल्या हिवाळ्यात हेस्टर नावाच्या निर्मातीचा फोन आला. जुन्या मालिकेचा एक नवा भाग, रेडिओसाठीच, जुन्याच नाट्यगृहात, पूर्वीसारखे समोर प्रेक्षक बसवून. जुन्या नटांपैकी उरलो होतो मी आणि लेन कॉबोल्ड.

"आता तर वयही जुळलं तुझं," लेन म्हणाला. "तयारीला बराच वेळ घेतलास, म्हातारे."

"तू मात्र अजून तिशीतला तरुण करतोयस. लाज वाटते का?"

"रेडिओवर गुडघे दिसत नाहीत, राणी."

तालमीला नव्या भाडेकरणीच्या भूमिकेत टॅम्सिन नावाची पोरगी होती. चहाच्या वेळी अंड्याचं सँडविच हातात धरून ती मला म्हणाली, "आमच्या आजोबांकडे तुमच्या सगळ्या टेपा होत्या. मी शाळेत तुमची नक्कल करायचे." आणि तिने ते वाक्य म्हणून दाखवलं. लेनने कप खाली ठेवला. तो आवाज माझा होता. माझ्या घशातून आता जो निघतो तो नव्हे, तेव्हाचा.

"आगाऊ आहेस," मी म्हटलं. ती लाजली. गुणी पोरगी.

संध्याकाळी ध्वनिमुद्रणाचा लाल दिवा लागला. आमच्याकडे कागदाची सळसळ झालेली चालत नाही. वाचून झालेलं पान उलटायचं नाही, अलगद खाली सोडायचं, म्हणून प्रवेश संपेतो पायांशी पानांचा सडा पडतो. माझ्या बोटांना हल्ली पानं सुटत नाहीत. मी ती आधीच एकेक मोकळी करून ठेवली होती. सगळी काळजी बोटांची होती. वाक्याची काळजी मी केलीच नव्हती.

टॅम्सिनची भाडेकरीण फोनवर प्रियकराशी लाडिक बोलली. मी माइकपाशी सरकले आणि म्हटलं, "ऐकू काही आलं नाही मला, पण शोभत नाही हो हे!"

लोक हसले. आजीने लग्नात गाणं म्हटलं की पाहुणे हसतात, तसे. पुढच्या रांगेतल्या एका बाईने तर मान वाकडी करून माझ्याकडे मायेने पाहिलं. मी पुढे वाचत राहिले आणि उमगत गेलं. तेव्हा नाट्यगृहातले लोक नुसतं ऐकून हसत नव्हते. चांगला फ्रॉक घातलेली शिडशिडीत पोर माइकपाशी येते आणि तिच्या तोंडून नव्वदीचा खरखरीत आवाज बाहेर पडतो, हे बघून हसत होते. घरोघरी ऐकणाऱ्यांना तो हशा पोचायचा, त्याचं कारण पोचायचं नाही. आता म्हातारी म्हातारीसारखी बोलत होती. यात हसण्यासारखं काय होतं?

भाग संपला. फसलेली वाक्यं शेवटी पुन्हा घेतात, तेवढा वेळ प्रेक्षकांना बसवून ठेवतात. हेस्टर माझ्याजवळ आली, खाली वाकून हळूच म्हणाली, "डिलिस, जिन्यावरच्या फोनचा प्रवेश एकदा परत घेऊ या? तुम्ही छानच केलंत. फक्त जरा अजून..."

"म्हातारी?"

ती बिचारी गोंधळली. टॅम्सिन पलीकडे उभी होती, माझ्याकडे न बघता.

आमच्या दोघींचं काम त्या एकाच प्रवेशात होतं. मी फार दमले होते. वाद घालायला, आपलं म्हणून काही धरून ठेवायलाही त्राण लागतं. मी माझी पानं टॅम्सिनच्या हातात दिली आणि तिची घेतली.

"अहो, नको," ती कुजबुजली. "मिसेस टॅपलो तुमची आहे."

"दम 'नाही'च्या आधी घे, नंतर नको. आणि हशा संपायची वाट बघ. घाई केलीस तर कान पिळेन."

मग लोकरीचा स्वेटर आणि पायांत रबरी तळाचे बूट घातलेली मी माइकपाशी गेले आणि प्रियकराशी लाडात बोलू लागले. आवाज बारीक करायला फारसं काही करावं लागलं नाही, तो आत कुठेतरी होताच. लोक खुर्चीत पुढे झाले. लेनने हातातल्या पानांआड तोंड लपवलं. तोवर टॅम्सिन पुढे आली, सरळ, कोवळी, आणि तिने ते वाक्य टाकलं.

तो हशा मला ओळखीचा होता. मी थांबले. पुढचं वाक्य माझं होतं, आणि ते घ्यायला बराच वेळ थांबावं लागलं.

भाग रेडिओवर लागला तेव्हा मी घरी लवकर दिवे मालवून पडले होते. संपल्याबरोबर माझ्या बहिणीच्या मुलीचा, ग्वेनेथचा, फोन आला.

"डिल मावशी! अगं, काय आवाज लावलास! अगदी तेव्हासारखी मिसेस टॅपलो. मी रडले ना गं!"

"हो का?"

"खरंच. आणि ती दुसरी पोरगी कोण गं, फोनवर लाडात बोलणारी? गोड आहे हं."

"आहे खरी," मी म्हटलं. "नवीन आहे. पुढे येईल."