जाते म्हणू नये

"आता जिन्याखालचा म्हातारा तेवढा राहिला, बाई," शिपाई म्हणाला. "तो विझवलात की सुटलात."

"विझवला म्हणू नये. शांत केला म्हणावं."

"बरं, शांत करा. पण लवकर करा. गोदामाची गाडी यायची झाली."

पाहुणेबाई बाकावर बसून गुडघा चोळत होत्या. सकाळपासून दवाखान्यातला एकेक पाहुणा त्यांनी शांत केला होता आणि घसा पार खरवडून निघाला होता. वर छताला नव्या ट्यूबा लागल्या होत्या. ट्यूबांशी काही बोलावं लागत नाही. त्यामुळे आजपासून बाईंचीही गरज नव्हती.

पाहुणे आकाशातून पडले तेव्हा बाई शाळेत शिकत होत्या. आधी लष्कर आलं, मग शास्त्रज्ञ आले, मग वर्तमानपत्रवाले. भोपळ्याएवढे मऊ गोळे ते. ना डोळे, ना तोंड. मीठपाण्यावर जगायचे आणि ओळखीचं कुणी जवळ बसून बोललं की उजळायचे. एवढ्या लांबून आलेत तर काहीतरी मोठं करतील, असं लोकांना वाटलं होतं. त्यांनी काहीच केलं नाही. मग लोकांनी त्यांना काचेच्या बरण्यांत घालून जिन्यांत, बोळांत, दवाखान्यांत कामाला लावलं. पाहुणा हे नाव मात्र तसंच राहिलं. कामाला जुंपलेल्यालाही आपण काहीतरी गोड नाव ठेवतोच.

बाईंचं काम बोलण्याचं. काय बोलायचं याला बंधन नव्हतं. भाजी महागली, नळाला पाणी आलं नाही, लेकीचा फोन नाही, काहीही चालायचं. निघताना फक्त "येते" म्हणायचं. मग बाई परत येईपर्यंत पाहुणे मंद उजळत वाट बघायचे. "जाते" म्हणालं की मात्र ते शब्दाला शब्द धरायचे आणि कायमचे शांत व्हायचे. आपल्यात जाते कुणी म्हणतच नाही, त्यामुळे हा नियम पाळणं कुणाला जड गेलं नाही. एकदाच एक नवी बाई मुकादमावर चिडून "जाते मी, बसा बोंबलत" म्हणाली होती आणि अख्खा बाळंतिणींचा वॉर्ड अंधारात गेला होता.

आणि काहीच न सांगता सोडून गेलं, तर पाहुणे वाट बघत राहायचे. झिजत झिजत, मीठपाणी असूनही, महिनोन्‌महिने. म्हणून आज बाईंना बोलावलं होतं.

बाकीच्यांना त्यांनी तोंडातल्या तोंडात सांगून टाकलं होतं. म्हाताऱ्यापाशी येऊन मात्र त्या बाकावर टेकल्या होत्या. हा सगळ्यांत जुना. बाई नोकरीला लागल्या तेव्हापासूनचा.

बाईंची आई याच दवाखान्यात गेली. जिन्याशेजारच्या खोलीत उजेड कमी, म्हणून बाईंनी म्हाताऱ्याला तिच्या उशाशी नेऊन ठेवलं होतं. जाते म्हणू नये, येते म्हणावं, हे आईनंच पोरींच्या डोक्यात भरवलेलं. दुकानापर्यंत जायचं असलं तरी ती उंबऱ्यातून परत बोलवायची आणि नीट म्हणायला लावायची. त्या दुपारी तिनं बाईंचा हात सोडला आणि स्वच्छ आवाजात म्हणाली, "जाते गं." म्हातारा तिला ओळखत नव्हता, त्यामुळे तो उजळतच राहिला. बाईंना त्याचा भयंकर राग आला होता. मग त्याच उजेडात त्यांनी आईचे केस सारखे केले.

"चल रे म्हाताऱ्या," बाई आता म्हणाल्या. "खूप उजेड पाडलास. माझे गुडघे गेले, तुझीही काच तडकली. दोघांनाही आता कुणी ठेवून घेणार नाही." म्हातारा भरभरून उजळला. बाईंनी पदरानं बरणी पुसली, पिशवी काखेला लावली. "बरं, येते हं."

त्या फाटकापर्यंत पोचल्या तेव्हा शिपाई मागून धापा टाकत आला.

"बाई, काय म्हणालात तुम्ही त्याला?"

बाई थांबल्या. त्यांना कळलं.

"असू द्या," शिपाई म्हणाला. "मी टाकतो गाडीत. गोदामात कोण बघायला बसलंय?"

"तो बसेल ना, दादा. वाट बघत."

त्या परत फिरल्या. दवाखान्याच्या पायऱ्या चढताना कठड्याला धरावं लागलं. म्हाताऱ्यानं त्यांची चाहूल ओळखली आणि जिन्याखालचा कोपरा झळाळून गेला. बाई शब्दाला जागल्या, एवढंच त्याला ठाऊक होतं.

त्यांनी चपला काढल्या आणि जमिनीवर बसकण मारली. मग त्याला आईबद्दल सांगितलं. ती कशी दटावायची, शेवटी काय म्हणाली, आणि तिला उत्तरादाखल आपल्या तोंडून एक अक्षर फुटलं नाही, तेही. हे त्यांनी कुणालाच सांगितलं नव्हतं, नवऱ्यालाही नाही.

"ती थकली होती रे," बाई म्हणाल्या. "उगाच आशेला लावायचं नव्हतं तिला." त्यांनी बरणीवर हात ठेवला. "मी पण थकलेय. जाते हं, बाबा."

उजेड एकदम गेला नाही. हळूहळू ओसरला. काच कोमट होती, ती गार होईपर्यंत बाईंनी हात काढला नाही.

घरी नवरा खिडकीपाशी बसला होता. छापखान्यातून निवृत्त झाल्यापासून तो तिथंच बसायचा. "दिवसभर भोपळ्यांशी गप्पा, आणि घरी मुकी," ही त्याची जुनी तक्रार. खोटी नव्हती. घरी येईपर्यंत बाईंचा आवाज संपलेला असायचा आणि सकाळी तो कामासाठी राखून ठेवलेला. कित्येक वर्षं त्या घरातून मुकाट्यानं दार ओढून निघत. आजही त्या काही बोलल्या नाहीत. त्यानं चहा करून समोर ठेवला.

दुसऱ्या दिवशी सकाळी त्या दुधाची पिशवी आणायला निघाल्या. चपला घातल्या, दाराला हात घातला, आणि उंबऱ्यातच थांबल्या.

"येते हं," त्या म्हणाल्या. आवाज बसलेलाच होता.

नवऱ्यानं वर्तमानपत्र खाली केलं.

"ये," तो म्हणाला.